यादी चौऱ्याहत्तरला संपते, मग हे पंच्याहत्तर नंबरचं इंजिन आलं कुठून?

गोदाकाठची, नांदेड

नमस्कार मंडळी. एका फोटोवरून आमच्या घरी तीन दिवसांपासून अण्णा आणि माझा मुलगा एकमेकांशी धड बोलत नाहीत, म्हणून हा प्रश्न टाकतेय.

अण्णा म्हणजे माझे वडील. पूर्णेला रेल्वेत होते. क्लीनर म्हणून लागले, मग सेकंड फायरमन, फर्स्ट फायरमन, मग शंटर. ड्रायव्हर व्हायच्या आधी डोळ्यांनी दगा दिला, त्यामुळं यार्डातच राहिले आणि यार्डातूनच रिटायर झाले. आता वय अठ्ठ्याहत्तर. सकाळी चहा घेताना अजून उजवा कोपर खिडकीवर टेकवून बसतात, जसं काही इंजिनात बसलेत.

माझा भाचा साऊदॅम्प्टनला शिकायला आहे. तिकडं हौशी लोक सुट्टीच्या दिवशी जुन्या वाफेच्या गाड्या चालवतात, तिथं तो मित्रांबरोबर गेला होता. "अण्णांसाठी" म्हणून त्यानं एका इंजिनाचे पाच-सहा फोटो पाठवले. छोटंसं काळं इंजिन. सहाच चाकं, मागं टेंडर म्हणजे कोळसा-पाण्याचा जोडडबा नाही, दोन्ही बाजूंना पाण्याच्या टाक्या, पाठीवर उंटासारखे उंचवटे, तेही तीन. नंबर ३००७५. सोबत भाच्यानं लिहिलं, की ही अमेरिकन सैन्याची शंटिंगची इंजिनं, युद्धानंतर तिथल्या सदर्न रेल्वेनं चौदा विकत घेतली, नंबर ६१ ते ७४. १९४८ ला सगळ्या रेल्वे सरकारी झाल्या तेव्हा पुढं तीस हजार लावले, म्हणून ३००६१ ते ३००७४.

अण्णांनी चष्मा कपाळावर चढवून फोटो डोळ्यांजवळ नेला आणि म्हणाले, "चौऱ्याहत्तरला यादी संपली, मग हे पंच्याहत्तर कुठलं? हे पेंटरचं काम आहे." मुलगा म्हणाला, आजोबा, एवढे शिकलेले लोक, ते चुकीचा नंबर कशाला लिहितील? झालं. अण्णा म्हणाले, "शिकलेले लोकच लिहितात."

आता माझे दोन प्रश्न. हे पंच्याहत्तर नक्की काय आहे? आणि अण्णांचा खरा प्रश्न असा की, डबे इकडून तिकडं करायला वेगळं इंजिन लागतंच कशाला? त्यांनी आख्खी नोकरी वायजीवर, म्हणजे मीटरगेजच्या मालगाडीच्या वाफेच्या इंजिनावर, शंटिंग केलं. लाइनवर थकलेली वायजी यार्डाला द्यायची, हा त्यांच्या लेखी नियमच. त्यांना हे लेकरू बघून हसू आलं, पण फोटो मात्र सारखे मागून बघायलेत.

चाकांचा_हिशेब, छत्रपती संभाजीनगर

ताई, अण्णांना माझा नमस्कार सांगा आणि आधी हे सांगा की ते बरोबर आहेत. पेंटरचंच काम आहे.

३००७५ हे त्या चौदांपैकी नाहीच. ते इंग्लंडला युद्धात आलं नाही, साऊदॅम्प्टनच्या गोदीत त्यानं एक डबा हलवला नाही. ते १९६० साली युगोस्लाव्हियात बनलं. आज ज्याला क्रोएशिया म्हणतात त्या भागात स्लाव्होन्स्की ब्रोद नावाचं गाव आहे, तिथल्या जुरो जाकोविच कारखान्यात. तिकडं त्याचा नंबर ६२-६६९ होता. १९९० च्या सुमाराला इंग्लंडमधल्या हौशी मंडळींनी ते आणलं, दुरुस्त केलं, आपल्याकडच्या चौदा भावंडांसारखा रंग दिला आणि यादीत पुढचा रिकामा नंबर होता तो लिहून टाकला. तसंच आणखी एक आणलं, ६२-५२१. त्याच्या वाट्याला ३००७६ आला. म्हणजे भाच्याला उद्या शहात्तर दिसलं तर पुन्हा अबोला नको!

आता युगोस्लाव्हियात अमेरिकन इंजिन बनलं कसं, हे कळायला थोडं मागं जावं लागेल.

१९४२ साली अमेरिकेला युरोपात उतरायचं होतं. उतरल्यावर बंदरं आणि यार्डं चालवावी लागणार, आणि माघार घेणारं सैन्य इंजिनं धड ठेवून जात नसतं. तेव्हा अमेरिकेच्या लष्करी वाहतूक दलानं शंटिंगसाठी एक साधं, दणकट इंजिन आखून घेतलं. आखणारे कर्नल हॉवर्ड हिल. वर्गाचं नाव एस-१००. अडचण अशी की अमेरिकन इंजिनं उंच-रुंद, इंग्लंडातले पूल आणि बोगदे बुटके. म्हणून हे इंजिन मुद्दाम इंग्लंडच्या मापात बसवलं. तरी चेहरा अमेरिकनच राहिला. पाठीवरचे ते तीन उंचवटे बघा, मधल्यात वाफ आणि पुढच्या-मागच्या दोन्हींत वाळू. रुळावर चाक घसरलं की वाळू सोडायची, हे अण्णांना सांगायला नको. इंग्रज मंडळी वाळूची पेटी खाली लपवतात, अमेरिकन बॉयलरच्या डोक्यावर ठेवतात, तिथं ती कोरडी राहते.

१९४२ ते १९४४ मध्ये अशी ३८२ इंजिनं झाली. डेव्हनपोर्ट, पोर्टर आणि व्हल्कन या तीन कारखान्यांत. बरीचशी इंग्लंडला येऊन पडली आणि जून १९४४ ची वाट बघत उभी राहिली. कुठं, तर न्यूबरीच्या घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर! शर्यतीच्या ट्रॅकवर ओळीनं उभी इंजिनं, हे चित्र मला फार आवडतं. नॉर्मंडीत सैन्य उतरल्यावर ती खाडीपलीकडं फ्रान्सला गेली.

युद्ध संपल्यावर एवढ्या इंजिनांचं करायचं काय? वाटून टाकली. फ्रान्सनं ७७ घेतली, ग्रीसनं २०, आणि युगोस्लाव्हियानं तब्बल १०६. युगोस्लाव्हियाला ती इतकी मानवली की त्यांनी तशीच पुढं स्वतः बनवायला घेतली. म्हणून १९६० चं अमेरिकन इंजिन युगोस्लाव्हियातलं. बोस्नियाच्या कोळसा खाणींत तर या वर्गाची इंजिनं एकविसाव्या शतकातही धूर सोडत होती.

साऊदॅम्प्टनचं सांगायचं तर तिथल्या गोदीत १८९० च्या दशकातली चार चाकांची छोटी इंजिनं होती, बी-४ वर्गाची. ती पार झिजली होती. गोदीत वळणं इतकी आवळ की लांब इंजिन वळतच नाही. सदर्न रेल्वेचे मुख्य यांत्रिक अभियंता तेव्हा बुलीड. त्यांच्यासमोर ब्रिटिश सैन्याचं ऑस्टेरिटी नावाचं शंटिंग इंजिनही होतं, पण त्याच्या पहिल्या आणि शेवटच्या चाकातलं अंतर ११ फूट, ह्याचं १० फूट. त्या एका फुटानं निकाल लागला. १९४६ साली ४३२६ नंबरचं एक इंजिन आणून गोदीत फिरवून बघितलं आणि मग चौदा घेतली. एक पोर्टरचं, बाकी तेरा व्हल्कनची. शिवाय सुट्या भागांसाठी एक जादा.

बार्शीलाइट, लातूर

व्हल्कन म्हणजे तेच ना, ज्यांनी मुंबई-ठाणे गाडीची पहिली आठ इंजिनं पाठवली? मग ही अमेरिकन कशी, इंग्रजच म्हणा की.

बाकी छोट्या इंजिनाचं कौतुक लातूरकरांना सांगू नये. आमची बार्शी लाइट अडीच फुटी. एव्हरार्ड कॅलथ्रॉप साहेबांनी १८९७ ला बार्शी रोड ते बार्शी चालू केली, पुढं १९११ ला लातूरला आणली. साहेबांचा हट्ट असा की कुठल्याही आसावर पाच टनांच्या वर भार द्यायचा नाही, इंजिन असो की वाघीण. त्यासाठी लीड्सच्या किट्सनकडून आठ जोडचाकी आणि मागं चार चाकं असलेली इंजिनं करून घेतली. म्हणजे चाकं वाढवली, पण हलक्या रुळाला दुखवलं नाही. हे असं असतं डोकं. पुढं हाच माणूस विमानातून उडी मारायच्या छत्रीच्या नादाला लागला आणि त्यातही नाव काढलं.

चाकांचा_हिशेब

नाही हो दादा, इथं सगळेच फसतात. मुंबई-ठाण्याला इंजिनं पाठवणारी व्हल्कन फाउंड्री इंग्लंडातली, लँकेशायरमधली. ही व्हल्कन आयर्न वर्क्स अमेरिकेतली, पेनसिल्व्हेनियात विल्क्स-बॅरे गावची. नात्यागोत्याचा संबंध नाही, फक्त देव एक, रोमन लोकांचा अग्नीचा देव व्हल्कन.

कॅलथ्रॉप साहेबांचं मात्र अगदी मान्य. आणि तुमच्या पाच टनांपुढं हे लेकरू पैलवान आहे. वजन ४६ टनांच्या आसपास, आस तीनच. करा भागाकार.

शेडवाला

ताई, मी फिटर. मीटरगेजच्या एका शेडला होतो, कुठल्या ते राहू द्या, कारण पुढं जे लिहितोय त्यात आमच्याच लोकांना बोलणार आहे. अण्णांना कदाचित चेहऱ्यानं ओळखत असेन. शंटर आणि फिटर यांचं नातं म्हणजे सासू-सुनेचं. तो म्हणणार ब्रेक लागत नाही, आम्ही म्हणणार तुला लावता येत नाही.

अण्णांचा दुसरा प्रश्न मला महत्त्वाचा वाटला. वेगळं इंजिन कशाला? अण्णांनाच विचारा, वायजी उलटी चालवताना काय व्हायचं. पुढं टेंडर, त्यात कोळसा शिगोशीग, त्यापलीकडं सांधे बदलणारा पॉइंटमन कंदील हलवायलाय, दिसतोय तर दिसतोय. वारा समोरून असला की टेंडरमधली कोळशाची भुकटी सरळ डोळ्यांत. मी कितीदा तरी शंटर लोकांना डोळ्यांवर ओली दस्ती धरून शेडला येताना बघितलंय. अण्णांच्या डोळ्यांचं ताईंनी लिहिलं ते वाचून मी जरा थांबलो.

टँक इंजिनाला टेंडरच नाही. कोळसा थोडा, केबिनच्या मागं, पाणी बाजूच्या टाक्यांत. दोन्हीकडं सारखंच दिसतं. पाणी-कोळसा कमी मावतो, पण यार्डातल्या इंजिनाला जायचंय कुठं? दर दोन तासांनी पाण्याच्या खांबाखालून जातंच ते. दुसरी गोष्ट वजनाची. वायजीला पुढं दोन छोटी चाकं, मागं दोन छोटी चाकं, शिवाय मागं टेंडरचं ओझं. त्या वजनाचा ओढायला उपयोग नाही. ह्या लेकराचं सगळं वजन ओढणाऱ्या सहा चाकांवर. उभ्या लोडला पहिला झटका द्यायला तेच लागतं. पाणी संपत आलं की पकड कमी होते एवढंच.

आणि चाक छोटं आहे असं फोटोवरून वाटतंय, पण हिशेबवाल्यांनी सांगितलं नाही ते मी सांगतो. ते साडेचार फुटी आहे. आपल्या वायपीचं चाक केवढं? साडेचार फूट! मेल ओढणाऱ्या वायपीएवढं चाक शंटिंगच्या इंजिनाला. वायजीचं तर चारच फूट.

आता फिटर म्हणून मला त्यात काय आवडलं ते. सिलिंडर बाहेर, रॉड बाहेर, सगळा गियर बाहेर, उभ्या उभ्या तेल घाला, उभ्या उभ्या बघा. ऑस्टेरिटीचं नाव वर निघालं, त्याचे सिलिंडर आत, दोन चौकटींच्या मधे. तेल घालायचं तर खड्ड्यावर घ्या, खाली उतरा, डोक्यावर गरम पाणी टपकणार. ज्यानं कुणी बाहेरचं इंजिन निवडलं त्याला शेडमधल्या माणसांची कणव होती, किंवा त्यानं एकदा स्वतः खड्ड्यात उतरून बघितलं होतं.

आणि पाण्याबद्दल सांगतो, कारण साऊदॅम्प्टनकडं पण आपल्यासारखंच झालं. अमेरिकन लोक फायरबॉक्स, म्हणजे आग पेटते ती पेटी, पोलादाचा करतात, इंग्रज आतून तांब्याचा. पोलाद स्वस्त, पटकन होतो, युद्धात तेच पाहिजे. पण त्या भागाचं पाणी जड. जड पाण्याची पपडी बॉयलरच्या आत बसली की आच आणि पाणी यांच्यामधे भिंत उभी राहते, पत्रा तापून फाटतो, गंजतो. १९५१ च्या सुमाराला त्यातल्या कित्येकांचे फायरबॉक्स बदलावे लागले. म्हणजे बांधून दहा वर्षं पण झाली नव्हती.

आपल्याकडं मराठवाड्यात पाणी काय असतं हे नव्यानं सांगायचं नाही. घरातल्या माठाला दोन महिन्यांत पांढरा थर येतो, तर बॉयलरचं काय होत असेल. वॉशआउटच्या, म्हणजे बॉयलर आतून धुवायच्या, दिवशी प्लग काढले की आधी येणारं पाणी ताकासारखं. मग सळई घालून खरवडा, जोरात पाणी मारा, पुन्हा खरवडा. एकदा मे महिन्यात पाणी कमी म्हणून आमच्या एका वरच्या साहेबानं वॉशआउट पुढं ढकला म्हणलं. एकदा ढकललं, दोनदा ढकललं. तिसऱ्यांदा इंजिन स्वतःच थांबलं, नळ्या गळून आग विझली, भर रस्त्यात. लेखी खुलासा कुणाला मागितला असेल? फिटरला.

चाकांचा_हिशेब

शेडवाले काका, हे असलं वाचायला मिळावं म्हणून तर इथं येतो.

एक राहिलंच. गोदीत आणल्यावर सदर्न रेल्वेनं त्यात बरेच बदल केले. कोळशाची जागा वाढवली, केबिनला हवेसाठी झरोके केले, आणि डबे उबदार ठेवायला वाफेची जोडणी बसवली. कारण बोटीवर चढणाऱ्या प्रवाशांची गाडी गोदीच्या आतून हीच इंजिनं न्यायची. अमेरिकेला निघालेला साहेब मोठ्या गाडीतून येणार आणि शेवटचा टप्पा त्याला हे लेकरू ओढणार. १९६२ ला गोदीसाठी चौदा नवी डिझेल शंटर आली, आणि ह्यांचं तिथलं काम संपलं. सहा जणांना रेल्वेनं आपल्याच कारखान्यांच्या आतल्या कामाला लावलं. ॲशफर्डच्या वॅगन कारखान्यातल्या दोघांना तर जुन्या मुख्य अभियंत्यांची नावं दिली, मॉन्सेल आणि वेनराइट. त्या बाजूची वाफ जुलै १९६७ मध्ये पूर्ण बंद झाली तोवर ही उभी होती. आज मूळ चौदांतली चार शिल्लक आहेत: ६४, ६५, ७० आणि ७२. भाच्याला म्हणावं खरं बघायचं तर यातलं एक गाठ.

आणि भारताशी संबंध नाही असं नाही. एस-१०० इकडं आलं नाही, पण याच अमेरिकन सैन्याची मीटरगेजची इंजिनं आली होती, वायजीसारखीच मांडणी. बंगाल-आसामच्या लाइनवर, ब्रह्मदेशाच्या आघाडीला माल न्यायला. लोक त्यांना मॅकआर्थर म्हणायचे. ती भारतात पुढं कितीतरी वर्षं चालली.

गोदाकाठची

सगळ्यांचे आभार. आत्ता रात्रीचे साडेनऊ झालेत, अण्णांना सगळं मोठ्यानं वाचून दाखवलं. दोनदा.

पहिलं म्हणजे पेंटरचं ऐकून त्यांनी मुलाकडं नुसतं बघितलं. काही बोलले नाहीत. मुलानं स्वतःहून जाऊन त्यांच्यासमोर पापडाची ताटली ठेवली, म्हणजे आमच्याकडं तह झाला.

शेडवाले काका, तुमचं ओल्या दस्तीचं वाचलं तेव्हा ते म्हणाले, "हा माणूस होता तिथं." मग बराच वेळ काही नाही. नंतर सासू-सुनेवर मात्र हसले, आणि म्हणाले, "त्याला सांग, ब्रेक खरंच लागत नव्हते."

वायपीच्या चाकाचं त्यांना पटेना. हातानं जमिनीपासून माप दाखवलं, छातीपर्यंत नेलं, थांबले, मग म्हणाले, हां, बरोबर आहे.

त्यांचं एकच म्हणणं राहिलंय, ते भाच्याला कळवायचंय, म्हणून इथंही लिहिते. अण्णा म्हणतात, "केबिनवरचा नंबर कुणीही रंगवतो. इंजिनाचा खरा नंबर रॉडवर पंच करून ठोकलेला असतो. वर्कशॉपला गेलं की ह्याचा रॉड त्याला, त्याचा ह्याला, म्हणून एकेका इंजिनात दोन-दोन तीन-तीन नंबर सापडतात. त्याला म्हणावं पुढच्या वेळी समोरून फोटो काढत बसू नको. परवानगी घे, खाली वाक, रॉडच्या टोकाला तेलाच्या खाली बघ काय ठोकलंय." भाचा म्हणाला, तिकडं इंजिनाला हात लावू देतात की नाही माहीत नाही, विचारून बघतो.

अण्णा म्हणाले, "देतील. शंटरचा नातू आहे सांग. आणि जुनी दस्ती ने म्हणावं सोबत, पुसल्याशिवाय नंबर दिसत नसतो."